दोघींचे पिक्चर

पिक्चर दोन तासांत संपतो, किस्से मात्र आपल्याबरोबर घरी येतात. पेणमध्ये आम्ही काही जणी एका वाचनालयाच्या हॉलमध्ये रविवारी दुपारी पिक्चर दाखवतो. कोरियन, थाई, तैवानी, जपानी, पण सगळे दोन बायकांच्या प्रेमाचे. मी आणि नसरीन एकत्र राहतो. पडद्यावर तरी आपल्यासारखं कुणी दिसावं, एवढीच हौस. पण यातला कुठलाही किस्सा आठवला की माझं डोकं फिरतं.

*

पहिलं पोस्टर घेऊन मी हॉलच्या सेक्रेटरींकडे गेले. वर लिहिलं होतं, ‘दोघींची प्रेमकथा’.

"बहिणी-बहिणी का?"

"नाय. प्रेम हाय त्यांचं."

त्यांनी पेन काढलं, ‘प्रेमकथा’ खोडून ‘मैत्री’ लिहिलं. "आता फॅमिलीला बघता येईल."

फॅमिल्या आल्या. पडद्यावर पहिलं चुंबन आलं तेव्हा मागून आवाज आला, "मैत्री जाम घट्ट हाय."

मी लाइट लावला. "ज्यांना हसायचंय त्यांनी बाहेर जाऊन हसा."

एकही जण उठला नाही. पुढे काय होतं ते सगळ्यांनाच बघायचं होतं.

*

एकदा चर्चेला पनवेलहून एक प्राध्यापक आले. पिक्चरमधली बाई सोडून गेलेल्या प्रेयसीचा कंगवा जपून ठेवते. सर म्हणाले, कंगवा म्हणजे स्मृती, नदी म्हणजे हरवलेली अस्मिता, तुटलेली होडी म्हणजे राष्ट्र. पाऊण तास प्रतीकं चालली.

मी विचारलं, "सर, आणि त्या दोघी?"

"त्या म्हणजे परंपरा आणि आधुनिकता."

"त्या दोघी म्हणजे त्या दोघी, सर," नसरीन म्हणाली.

सर चहा न घेता गेले. खरं तर आम्ही विचारलाच नव्हता.

*

तैवानच्या पिक्चरमध्ये शेवटी दोघींतली एक बुडून मेली. घरी आल्यावर नसरीन भांडी आपटायला लागली.

"दर वेळी एकीला मारतात गो. कधी तरी दोघी म्हाताऱ्या झालेल्या दाखवा की. गुडघे दुखतायत, मच्छी कोणी साफ करायची यावरून भांडतायत."

"असला पिक्चर कोण बघणार?"

"मी बघीन. रोज."

*

नसरीनच्या खाला, म्हणजे मावशी, डोळे तपासायला रोह्याहून आमच्याकडे आल्या होत्या. नवऱ्याचा जन्म कुवेतला नोकरीत गेला, आता तोही नाही. घरी एकट्या कशाला बसतील म्हणून त्यांना हॉलवर नेलं. पिक्चर जपानी होता. एक म्हातारी लग्नाआधी आवडलेल्या मुलीला आठवत राहते.

रोह्याच्या गाडीला मी त्यांना सोडायला गेले. स्टेशनच्या बाकावर त्यांनी विचारलं, "त्या दुसरीचं नाव काय होतं गो?"

"नाव दिलंच नाय, खाला. ती नुसती आठवण आहे ना, म्हणून मुद्दाम ठेवलं नसेल."

खालांचा आवाज चढला. "अख्खा जन्म जी आठवली, तिचं नाव विसरंल व्हय? कोणी बनवलान हा पिक्चर?"

गाडी आली. मी त्यांची पिशवी वर दिली. दारातून वळून त्या म्हणाल्या, "माझ्यावालीचं नाव कमल होतं. जिते गावात राहायची."