कुसुमताईंचा पिंपळ आणि कॉलनीची हुमणी

किस्से कोणी ठरवून करत नाही. चार रिकामी माणसं रोज संध्याकाळी एका ओट्यावर बसली, हातात चहा असला आणि प्रत्येकाला बागेतलं सगळं आपल्यालाच कळतं असं वाटत असलं, की झालं! शेणखताच्या ढिगासारखं आहे ते. रोज थोडं थोडं पडतं, कोणाचं लक्ष नसतं आणि एक दिवस बघावं तर ट्रॉलीभर!

आमचा ओटा यवतमाळात, आर्णी रोडच्या आतल्या अंगाला एका जुन्या कॉलनीत आहे. मी एसटीतून निवृत्त झालेला राऊत. शेजारी गावंडे सर, हायस्कूलात विज्ञान शिकवायचे आणि अजूनही शिकवतात, फक्त आता वर्गात आम्ही बसतो. समोर कुसुमताई, सरकारी दवाखान्यातून निवृत्त झालेल्या नर्स, म्हणून सगळ्यांच्या ‘सिस्टर’. चौथे रशीदभाई. त्यांचं मोटारसायकल दुरुस्तीचं गॅरेज कोपऱ्यावर आहे, पण चहाच्या वेळेला ते आमच्याकडेच सापडतात.

आमच्या घरांच्या मधे एक मोकळी जागा आहे. तिथे आम्ही सगळ्यांनी मिळून बाग केली आहे. सरांचे गुलाब, आमच्या सौ.चा मोगरा, रशीदभाईंची मिरची आणि निळा ड्रम अर्धा कापून त्यात कुसुमताईंनी लावलेलं पिंपळाचं रोप.

हे रोप साधं नव्हतं. कुसुमताईंच्या आईनं दीक्षाभूमीवरून पिंपळाची पिकली फळं पदरात बांधून आणली होती. त्यातलं एवढं एकच बी उगवलं. नंतर आई गेली. दसऱ्याला, धम्मचक्र प्रवर्तन दिनी, हे रोप आपल्या वस्तीतल्या विहारासमोर लावायचं, असा शब्द ताईंनी तिला शेवटच्या दिवसांत दिला होता. त्यामुळे त्या ड्रमाकडे आम्ही सगळेच जरा सांभाळून बघायचो.

आणि रोप विहारासमोर न्यायचं, नेमकी त्याच वर्षी बागेत हुमणी आली.

* * *

हुमणी म्हणजे भुंगेऱ्याची अळी. पांढरी, जाडजूड, तपकिरी डोक्याची, मातीत वेटोळं करून पडलेली. दिसायला गरीब, पण झाडाच्या मुळ्या खाऊन टाकते. पावसाळा तोंडावर आला की भुंगेरे जमिनीतून निघतात, कडुनिंबावर जमतात आणि मग मऊ मातीत अंडी घालतात. हे सगळं आम्हाला सरांनी मोबाईल पुढे धरून शिकवलं.

“भुंगेरा उजेडाकडे येतो,” सर म्हणाले, “दिवा लावायचा, खाली साबणाच्या पाण्याचा टब ठेवायचा. भुंगेरा आला, आपटला, पडला, संपला! याले म्हणते प्रकाश सापळा.”

रशीदभाईंना एवढंच पाहिजे होतं. त्यांनी एका भंगारातल्या ट्रकचा हेडलाईट आणून बागेत बांबूवर टांगला. संध्याकाळी लावला तर पार नाक्यापर्यंत उजेड! भुंगेरे आले. आले म्हणजे काय, वरात आली! आम्ही खुशीत.

पण रोज सकाळी टब बघावा तर कोरडा ठणठणीत. पाणीही नाही आणि भुंगेराही नाही. सरांना वाटलं, टब गळतो. रशीदभाईंनी पंक्चरचा पॅच लावून पाहिला. तरी कोरडाच!

शेवटी कुसुमताई म्हणाल्या, “मी ओतून देतो ना. माह्या बोधिवृक्षापाशी रोज जीव बुडून मरून राह्यले, मी पाहत बसू का?”

“अन् भुंगेरे, सिस्टर?” रशीदभाईंनी विचारलं.

“त्याईले सोडून देतो. बिचारे उडून जाते.”

उडून कुठे जात होते ते आम्हाला नंतर कळलं. मोठा दिवा लावून आम्ही गावभरचे भुंगेरे बोलावले आणि खालच्या मऊ मातीत त्यांची राहायची सोय केली! रस्त्यापलीकडच्या कॉलनीतले एक गृहस्थ मुद्दाम आभार मानायला आले. म्हणाले, “यंदा आमच्या इकडे एक भुंगा नाई, बाप्पा! तुमची लाईट वर्षभर लावत जा.”

* * *

पहिला तडाखा सरांच्या गुलाबाला बसला. पानं सुकायला लागली. सर म्हणाले, पाणी कमी पडतंय. पाणी वाढवलं. अजून सुकलं. सर म्हणाले, पाणी जास्त झालं. पाणी बंद केलं. मग खत, मग ताक, मग अंड्याची टरफलं. गुलाब काही ऐकेना.

एका सकाळी सरांनी हळूच फांदी धरून जरा हलवली, तर अख्खं झाड हातात आलं. खाली मुळीचा पत्ता नाही, नुसता दांडा! सर तो गुलाब हातात धरून उभे राहिले. चेहरा असा, की आम्हाला हसायची हिंमत होईना.

तेवढ्यात सरांच्या घरातल्या काकू खिडकीत आल्या. त्यांनी नीट पाहिलं आणि विचारलं, “अहो, लावलं होतं का नुसतं खोचलं होतं?”

* * *

आमच्या सौ.च्या मोगऱ्याचीही तीच गत होणार असं दिसायला लागलं, तसा मी बाजारात गेलो. एक हुमणी काडेपेटीत घेतली आणि कृषी सेवा केंद्रात जाऊन उभा राहिलो. दुकानात गर्दी होती. मारेगावकडचे दोन कास्तकार माझ्या पुढे होते.

माझा नंबर आला. मी काडेपेटी उघडली. दुकानदारानं अळी पाहिली आणि विचारलं, “कपाशी का सोयाबीन?”

“मोगरा,” मी म्हणालो.

“किती एकर?”

“एक कुंडी.”

मारेगावचे कास्तकार माझ्याकडे वळून बघायला लागले. दुकानदारानं काडेपेटी हळूच बंद करून माझ्या हातात दिली आणि म्हणाला, “भाऊ, कुंडी उपडी करा ना! लोकायले वावर उपडं करता येत नाई, म्हणून मी इथं दुकान टाकून बसलो.”

घरी येऊन मी कुंडी उपडी केली. हुमण्या निघाल्या. मोगरा वाचला. त्या दुकानासमोरून मात्र मी अजून जात नाही.

* * *

मधेच सरांना मोबाईलवर एक नवीन ज्ञान मिळालं. “सगळ्या अळ्या वाईट नसतात!” म्हणाले. “एक जात नुसता पालापाचोळा खाते अन् खत करते. तिले मारलं तं आपलंच नुकसान. फरक ओळखायची सोपी खूण आहे. सपाट जागेवर ठेवायची. पाठीवर सरकत गेली तर आपली, पायावर चालली तर हुमणी.”

सपाट जागा म्हणून माझ्या घरचा कॅरम बोर्ड आला. सरांनी मधोमध अळी ठेवली. रशीदभाई पंच. कुसुमताई खुर्ची ओढून बसल्या. माझी आणि सौ.ची एका चहावर पैज लागली. ती म्हणाली पाठीवर, मी म्हणालो पायावर.

अळी हलेना. सरांनी बोर्ड तिरपा केला. फुंकर मारली. रशीदभाईंनी “सर, पावडर टाकू का? फास्ट जाईल,” म्हणून पावडर टाकली. अळी पांढरी होती, ती आणखी पांढरी झाली, पण जागची हलली नाही. चहा गार झाला. आम्ही सगळे वाकून बघतोय आणि अळी आपली वेटोळं करून निवांत!

रशीदभाईंनी शेवटी मान हलवली. “सर, सोडा तिले. ही बी आपल्यासारखीच रिटायर हाय.”

* * *

निंबोळी पेंडीचा किस्सा आमच्या घरचा आहे. तो मी सांगितलेला सौ.ला चालत नाही, म्हणून ती आत आहे तोवर सांगून घेतो.

सौ.नं हुमणीवर उपाय म्हणून निंबोळी पेंड बादलीत भिजत घातली होती. गाळून पाणी तयार केलं आणि सकाळी झाडांना घालायचं म्हणून बादली बाथरूममध्ये ठेवून दिली. नेमके त्याच सकाळी जावईबापू पुण्याहून पोचले. रात्रभराचा प्रवास झालेला, सरळ आंघोळीला गेले.

बाहेर आले तर घरभर कडू वास! सौ.नं बाथरूममध्ये जाऊन पाहिलं. बादली रिकामी. ती दारातच थिजली.

जावईबापू डोकं पुसत म्हणाले, “आई, ते आयुर्वेदिक पाणी मस्त होतं हं! वास जरा उग्र आहे, पण अंग एकदम हलकं वाटतंय.”

सौ.नं माझ्याकडे पाहिलं, मी छताकडे पाहिलं. मग ती अगदी शांतपणे म्हणाली, “तुमच्यासाठीच केलं होतं हो.”

पुण्याला परत जाताना त्यांनी दोन किलो पेंड मागून नेली. आमची मुलगी त्यानंतर आठवडाभर आईशी फोनवर बोलली नाही.

* * *

आता कुसुमताईंच्या पिंपळाचं सांगतो.

दसरा जवळ आला आणि पिंपळाची पानं पिवळी पडायला लागली. ताईंनी ड्रमातली माती जरा बाजूला केली, तर हुमणी! आणखी उकरलं, तर आणखी हुमणी! दवाखान्यात आयुष्य काढलेली बाई, एवढ्या तेवढ्यानं घाबरणारी नाही. पण त्या दिवशी त्यांचे डोळे भरून आले. “आईले शब्द देल्ला होता जी मी,” एवढंच म्हणाल्या. आम्हा सगळ्यांना फार वाईट वाटलं. रशीदभाईंनी तर हातातला चहाही ठेवून दिला.

सर म्हणाले, “सिस्टर, औषध टाकू. एका दिवसात साफ.”

“नाई,” ताई म्हणाल्या. “रविवारी मी मटण खातो, थे वेगळं. पन या झाडाखाली एकही जीव मारायचा नाई. ज्या झाडाखाली बुद्धाले ज्ञान झालं, त्याच्या मुळाशी मी जहर टाकू का?”

“मंग कसं करता?”

“हातानं काढतो एक एक. अन् दूर नेऊन सोडून देऊ.”

दुसऱ्या दिवसापासून ताई पहाटेच ड्रमापाशी बसायला लागल्या. हातात स्वयंपाकघरातलं उलथनं. मुळीला धक्का न लावता माती सारायची, अळी उचलायची आणि स्टीलच्या डब्यात ठेवायची, वर थोडी ओली माती घालून. सर टॉर्च धरायचे, मी माती चाळायचो. प्रश्न एवढाच उरला, की हा डबा न्यायचा कुठे? माझ्याकडे नको, सरांकडे तर नकोच. रस्त्यापलीकडे सोडाव्या, तर आभार मानणारे गृहस्थ काठी घेऊन आले असते.

“मी नेतो ना,” रशीदभाई म्हणाले. “आमच्या घरामागं लय जागा हाय.”

ताईंनी त्यांच्याकडे पाहिलं. “मारसान नाई ना?”

“सिस्टर, मी हात बी नाई लावनार. डबा खोलून ठेवून देईन, बस.”

ते खोटं बोलत नव्हते. रशीदभाईंच्या घरामागे खरंच भरपूर जागा होती, आणि त्या जागेत त्यांच्या बायकोच्या, म्हणजे शाहीनभाभींच्या, गावरान कोंबड्या होत्या! मला माहीत होतं, सरांना माहीत होतं. आम्ही दोघं ओट्यावर एकमेकांकडे न बघता चहा पीत राहिलो. पिंपळ जगायला पाहिजे होता, हेही तेवढंच खरं.

रोज सकाळी रशीदभाई डबा मोटारसायकलला अडकवून न्यायचे आणि संध्याकाळी धुऊन परत आणायचे. ताई न चुकता विचारायच्या, “बऱ्या आहेत ना सगळ्या?”

“एकदम खुश, सिस्टर. कोनाचीच कंप्लेंट नाई.”

“माती ओली आहे ना तिकडे?”

“हाव जी. गेल्या गेल्या बंदोबस्त होते त्याईचा.”

इथे सरांना हमखास ठसका लागायचा. ताई त्यांच्या पाठीवरून हात फिरवायच्या आणि म्हणायच्या, “हळू प्या, सर.”

हळूहळू डब्यातल्या अळ्या कमी होत गेल्या. मग एक दिवस डबा रिकामाच राहिला. आणि नवरात्र बसलं तेव्हा पिंपळाच्या शेंड्याला एक नवीन पान आलं, तांबूस, कोवळं, चकाकणारं. कुसुमताईंनी आम्हाला एकेकाला हाताला धरून ते दाखवायला नेलं. मला दोनदा नेलं.

दसऱ्याच्या सकाळी विहारासमोर सगळी वस्ती पांढऱ्या कपड्यांत जमली होती. वंदना झाली. रशीदभाईंनी आणि मी ड्रम धरून रोप उतरवलं, मातीचा गड्डा जरासुद्धा फुटू दिला नाही. भंतेजींनी पहिली मूठ माती टाकली. दुसरी कुसुमताईंनी टाकली, आणि मग त्या बराच वेळ त्या पानांवर हात ठेवून उभ्या राहिल्या. रडतही होत्या आणि हसतही होत्या. आम्हालाही भरून आलं. सर चष्मा पुसायला लागले.

खीर वाटून झाली. लोक पांगायला लागले. कुसुमताई एक कापडी पिशवी घेऊन आमच्याकडे आल्या आणि त्यांनी ती रशीदभाईंच्या हातात ठेवली. पिशवी चांगली जड होती.

“हे काय, सिस्टर?”

“ज्वारी आहे.”

“मले? ज्वारी कायले?”

“तुमाले नाई, भाऊ. कोंबड्यायले,” कुसुमताई म्हणाल्या. “आता हुमणी संपली ना. एकदम बंद झालं तं थ्या बिचाऱ्या उपाशी नाई राह्यणार का?”