वचन घेणाऱ्यांच्या कुसुमताई

ॲडव्होकेट कुसुमताई वाठोडकर यांची आणि माझी पहिली भेट लखनौच्या अमीनाबादेत, चिकनकारीच्या एका दुकानात झाली. त्या भेटीत त्या मला मुळीच आवडल्या नाहीत, हे या गौरवग्रंथाच्या वाचकांना आधीच सांगून टाकतो. पुढे कोणी सांगितलं तर उगाच गैरसमज व्हायचा.

थोरल्या बहिणीसाठी, म्हणजे आमच्या अक्कासाठी, साडी घ्यायला मी गेलो होतो. माझ्या पुढे जाड भिंगांचा चष्मा लावलेल्या एक ठेंगण्या बाई होत्या आणि त्यांच्याबरोबर छावणीतल्या एका मराठी जवानाची तरुण बायको. साडी त्या मुलीला हवी होती, घासाघीस बाई करत होत्या. शेवटी दुकानदार म्हणाला, "बहनजी, रंग जाए तो साड़ी वापस." एवढं ऐकल्यावर कोणीही पिशवी उचलून चालू पडलं असतं. या बाई मुलीकडे वळल्या. "भैयांनी काय कबूल केलं, ते तू सांग."

मुलगी लाजली. "अहो ताई, बोलले ना ते."

"ते बोलले, ते मी ऐकलं. तू काय घेतलंस ते सांग. आणि त्यांच्याकडे बघून सांग."

मुलीने हिंदीत अडखळत ते वाक्य म्हटलं, दुकानदाराने मान डोलावली, तेव्हा कुठे पैसे दिले गेले. मागे आम्ही सगळे ताटकळत. "काय कटकट आहे!" असं माझ्या तोंडून गेलं. लखनौच्या बाजारात मराठीत पुटपुटताना माणूस गाफील असतो. बाई गर्रकन वळल्या. "कटकट तर आहेच जी. पण साडी हिने नेसायची आणि रंग गेल्यावर भांडायला मी यायचं, ही जास्त कटकट. आता तीच येईल."

मी बँकेच्या विधी विभागात नोकरी केली. तारण म्हणून दाखवलेली जमीन खरोखर जागेवर आहे का, सही करणारा माणूस तोच का, हे बघण्यात माझी हयात गेली. संशय हा माझा स्वभाव होता की धंदा, हे आता मलाही सांगता येत नाही. तर अशा माझ्यासारख्या माणसाला, कोणाच्या तरी साडीसाठी भर बाजारात एवढा खटाटोप करणारी बाई दिसली की पहिला प्रश्न पडतो : यात हिचा काय फायदा?

तो शोधायला मी त्यांच्या रविवारच्या वर्गाला जाऊ लागलो. छावणीला लागून असलेल्या त्यांच्या भाड्याच्या घराच्या व्हरांड्यात हा वर्ग भरतो. फी नाही. चहा मिळतो, तोही बऱ्यापैकी. जवानांच्या बायका, हवाई दलातली मंडळी, माझ्यासारखे बदलीवर येऊन इथेच मुरलेले बँकवाले, असे सगळे येतात. प्रश्न साधे असतात. घरमालकाने रंग लावून देतो म्हटलं होतं, शाळेने बस घरापर्यंत येईल म्हटलं होतं, दिराने अमुक म्हटलं होतं. ताई ऐकून घेतात आणि दर वेळी एकच विचारतात, "‘हो’ कोण म्हणालं?"

कायद्यात वचन देणाऱ्याला वचनदाता म्हणतात आणि घेणाऱ्याला वचनग्रहीता. या दुसऱ्या शब्दावर आमचं पहिलं भांडण झालं. मी म्हणालो, शब्द जड आहे, शिवाय दीनवाणा आहे. ग्रहीता म्हटलं की हात पसरलेला माणूस डोळ्यांपुढे येतो. ताई म्हणाल्या, "अहो बाप्पा, बँकेत तुम्ही इतकी वर्षं हेच वाचलंत काय? कायद्यात प्रस्ताव मांडणारा एक आणि तो मान्य करणारा दुसरा. जो मान्य करतो तो वचनग्रहीता. त्याने होकार दिला म्हणून त्या बोलण्याचं वचन झालं, नाहीतर ती नुसती हवा. मग दीनवाणा कोण?" आणि पुढे त्यांनी जे सांगितलं ते मी आजवर विसरलो नाही. ज्याचं भलं होणार तो वचनग्रहीता असतो, असं बहुतेकांना वाटतं. तसं नसतं. भलं एकाचं ठरतं, होकार दुसराच देऊन बसतो. मग वचन मोडलं की ज्याचं नुकसान झालं तो दारात उभा राहतो आणि त्याला विचारतात, तुम्हाला कोणी शब्द दिला होता? बायका, म्हातारी माणसं, यांचं नेहमी असंच होतं म्हणाल्या. त्यांच्यासाठी वचनं घेतली जातात, त्यांना दिली जात नाहीत.

मुद्दा पटला. माणसाबद्दलचा संशय मात्र जागच्या जागी होता.

माझ्या पत्नीच्या निधनानंतर अक्का साताऱ्याहून माझ्याकडे राहायला आली होती. सरोजिनी नगरात, कानपूर रोडच्या आत आमचं बैठं घर होतं. अक्काचे गुडघे कामातून गेलेले. सकाळी ती दारात खुर्ची टाकून बसायची आणि येणाऱ्याजाणाऱ्याशी आपल्या सातारी हिंदीत बोलायची. सब्जीवाला भैया गाडी थेट तिच्या खुर्चीपाशी लावायचा. मेथीची जुडी उलटीपालटी करत दोघांचा अर्धा तास जायचा. तेवढंच तिचं जग होतं, पण भरलेलं होतं. घर पाडून तिथे इमारत बांधायचा प्रस्ताव घेऊन रस्तोगीजी नावाचे बिल्डर आले, तेव्हा माझी एकच अट होती : अक्काला तळमजला. त्यांनी लगेच मसुद्यात घातलं, "भगिनींच्या सोयीसाठी तळमजल्यावरील सदनिका."

मसुदा मी ताईंना दाखवला. त्यांनी ते वाक्य वाचलं आणि विचारलं, "यात अक्का कुठे आहेत?"

"हे काय, भगिनी."

"ही तर त्यांच्याबद्दलची बातमी आहे. त्यांना कोणी काही दिलेलं दिसत नाही." आणि त्यांनी अक्काला माझ्याबरोबरीची वचनग्रहीता करा, असं सुचवलं. वचन दोघांना, सह्या दोघांच्या.

खरं सांगतो, मला ते आवडलं नाही. घर माझ्या नावावर. उद्या या बाई माझ्या बहिणीला माझ्याविरुद्ध उभी करणार नाहीत कशावरून? पण नाही म्हणायला तोंड नव्हतं. सह्यांच्या दिवशी ताईंनी आपला अमीनाबादचा प्रयोग पुन्हा केला. अक्काला म्हणाल्या, "तुम्हाला काय मिळालं ते तुमच्या शब्दांत सांगा." अक्का रस्तोगीजींकडे बघून म्हणाली, "मुझे नीचे का घर. दार उघडा तो पाँव जमीनपर. बीच में पायरी नहीं." रस्तोगीजी हसून "बिल्कुल, माताजी" म्हणाले आणि निघताना ताईंच्या पाया पडले. "वकील दीदी, प्रणाम." मी ते टिपून ठेवलं. बिल्डर वकिलाच्या पाया पडतो, म्हणजे यांची जुनी ओळख असणार. बरं!

इमारत उभी राहत आली आणि एका संध्याकाळी आमच्या भाड्याच्या घरी रस्तोगीजी मलिहाबादी आंब्यांची पेटी घेऊन हजर झाले. पेटी बघूनच मी सावध झालो. तळमजल्यावर दुकानं काढायची म्हणत होते. आम्हाला तिसऱ्या मजल्यावर मोठं, हवेशीर घर. नातवंडं आली तर जागा. लिफ्ट काय, लागणारच आहे. मी अक्काचं नाव काढताच ते म्हणाले, "आप की दीदी तो मान गईं. बस आप की हाँ बाकी है."

मी ते खरं मानलं. कारण आदल्याच दिवशी कुसुमताई घरी आल्या होत्या. येताना त्यांनी नागपुरी सांबारवड्या, म्हणजे कोथिंबिरीच्या वड्या, आणल्या आणि अक्काच्या खोलीत शिरून आतून दार लावून घेतलं. मला बाहेर बसवलं. बराच वेळ आतून बोलण्याचा आवाज येत होता, शब्द कळत नव्हते. जाताना मी विचारलं, काय एवढं? ताई म्हणाल्या, "ते अक्कांना विचारा." रस्तोगीजी गेल्यावर अक्काला विचारलं तर ती म्हणाली, "काही नाही रे अनू. तुझं काय ठरलं?" म्हणजे तिला वाटत होतं माझं ठरलंय, आणि मला वाटत होतं तिचं. दोन दिवस आम्ही भावंडं एका ताटलीत वड्या ठेवून एकमेकांकडे न बघता खात होतो. पाया पडणारा बिल्डर, लावलेलं दार, वड्या. माझ्या डोक्यात सगळा कट जुळून आला होता. रागाच्या भरात मी ताईंना फोन केला आणि विचारलं, "तुम्ही वकील नेमक्या कोणाच्या?"

"रविवारी या," त्या म्हणाल्या. "अक्कांना घेऊन. रस्तोगीजींनाही बोलावते."

व्हरांड्यात आम्ही समोरासमोर बसलो. रस्तोगीजी बोलायला लागताच ताईंनी त्यांना हाताने थांबवलं. "शब्द तुम्ही दिलात. तो सोडायचा का, ते घेणारे सांगतील." मग अक्काकडे वळून म्हणाल्या, "त्या दिवशी तुम्हाला सांगितलं तेच सगळ्यांसमोर सांगते. वचन घेणाऱ्याला ते सोडून देण्याचा हक्क असतो. तुम्हाला खुशीने सोडायचं असेल तर जरूर सोडा. पण लाजेने सोडू नका, आणि भावाला मोठं घर मिळावं म्हणून तर मुळीच नको. वचन दोघांना आहे. एकाने सोडलं म्हणून दुसऱ्याचं सुटत नाही." (या शेवटच्या मुद्द्याला कायद्यात फाटे आहेत, हे मला ठाऊक आहे. रस्तोगीजींना ठाऊक नव्हतं, आणि मी काही बोललो नाही.)

अक्काने पदर सावरला. मग माझ्याकडे बघून म्हणाली, "तू घरी नसताना रस्तोगीजी येऊन म्हणाले, भाईसाहब मान गए. मी ताईंना फोन केला. म्हटलं, अनूला नातवंडांसाठी मोठं घर हवं असेल. त्याच्या घरात मी कोण अडवणार? पण अनू, खरं सांगू? तिसऱ्या मजल्यावर एकदा चढले की मी खाली येणार ती चौघांच्या खांद्यावरूनच."

मला काय वाटलं ते लिहायला लाज वाटत नाही. मला रडू आलं. आम्हा दोघांना वेगवेगळं गाठून एकमेकांचा होकार विकला होता, आणि सगळ्या जगावर संशय घेणारा मी, घरातल्या घरात बहिणीलाच तिला काय हवं ते विचारलं नव्हतं. मी एवढंच म्हणालो, "मी हो म्हणालो नव्हतो. मी सोडत नाही." "मीपण नाही," अक्का म्हणाली.

रस्तोगीजी कसनुसं हसले. "वकील दीदी, बाज़ार का रेट तो देखिए." ताईंनी बाजाराचं काही विचारलं नाही. चहाचा कप त्यांच्या हातात दिला आणि म्हणाल्या, "आपकी माताजी कैसी हैं? अब भी नीचे वाले कमरे में ही हैं न?"

रस्तोगीजींची मान खाली गेली. ओळख कुठली होती ती मला तेव्हा कळली. त्यांच्या घराच्या वाटण्या झाल्या तेव्हा ताईंनी त्यांच्या आईला असंच सगळ्या मुलांपुढे बसवून, तिला काय मिळालं ते तिच्याच तोंडून वदवून घेतलं होतं. म्हातारी अजून खाली, आपल्या अंगणात राहते. चहा संपवून रस्तोगीजी उठले, अक्कासमोर वाकले आणि म्हणाले, "नीचे का ही होगा, माताजी." अक्का म्हणाली, "और पायरी?" "पायरी नहीं."

त्या घरात आम्ही राहायला गेलो त्या दिवशी ताई आल्या. त्यांचेही गुडघे आता कुरकुरतात. दारातून सरळ आत चालत आल्या, अक्काशेजारी बसल्या आणि म्हणाल्या, "चालता येतंय तोवर दर रविवारी वर्ग संपला की इथे चहाला येईन." मी म्हणालो, थांबा. आणि आम्ही दोघांनी, आधी अक्काने आणि मग मी, काय मिळालं ते आपापल्या शब्दांत त्यांच्याकडे बघून म्हणून दाखवलं. ताई पदर तोंडाला लावून हसत होत्या.

आता मूळ मुद्द्यावर येतो. पंचाहत्तरीचा सोहळा, शाल, श्रीफळ, गौरवग्रंथ, हे एवढं सगळं एकदम कशासाठी, याचा मला दाट संशय आहे. नागपूरहून ताईंच्या चिरंजीवांचे फोन वाढले आहेत, हे मी जाणतो. व्हरांड्यातल्या खुर्च्या कोण घेणार, असं कोणीतरी विचारत होतं, तेही मी ऐकलं. हा गौरवाच्या नावाने निरोप चालला आहे. इथल्या मराठी मंडळातल्या प्रत्येकाने डोळे पुसत "ताई, आता मुलाकडे आराम करा" म्हणून टाकलंय. अक्कासुद्धा काल म्हणाली, "जाऊ दे रे त्यांना. मी सोडलं ते रविवारच्या चहाचं वचन. अगदी खुशीने."

तिचा हक्क आहे, मी आदर करतो. परंतु कुसुमताई, वचन दोघांना होतं. या मुद्द्याला कायद्यात फाटे आहेत असं मी आता सांगू शकतो, पण सांगणार नाही. तुमचीच शिकवण तुमच्यावर लावतो. दुसऱ्या वचनग्रहीत्याने अजून काही सोडलेलं नाही, आणि तो स्वभावाने कसा आहे ते तुम्ही जाणता. आपणांस उदंड, निरोगी आयुष्य लाभो, हे बाकीचे लिहितीलच. मी ते तुमच्याकडे, ‘चालता येतंय तोवर’ या तुमच्याच कबुलीप्रमाणे, मागतो आहे. रविवारी चहा टाकतोय. दाराला पायरी नाही.