बेलच्या बटणांचा खेळ

अण्णांच्या शर्टाच्या खिशात सेल सापडले, तेव्हा आईनं मला स्वयंपाकघरात बोलावलं आणि दार लोटून घेतलं.

"हे बघ." तिच्या तळहातावर दोन पेन्सिल सेल होते, वापरून संपलेले. "रिमोटमधले जागच्या जागी आहेत. घड्याळातलाही आहे. मग हे कुठले?"

आमच्या घरात सेलवर चालणाऱ्या वस्तू एवढ्याच. आणि अण्णांना, म्हणजे माझ्या वडिलांना, त्या दिवसांत स्वतःच्या शर्टाची बटणंसुद्धा लावता येत नव्हती. त्यांना सेल कशाला लागावेत?

नव्वदचं दशक संपत आलं होतं. बसवनगुडीत आमचं लहानसं घर. खाली आम्ही तिघं, वर गच्चीला लागून एक खोली, ती भाड्यानं दिलेली. आमची मंडळी पिढ्यान् पिढ्या बेंगळुरातलीच. घरात मराठी, उंबऱ्याबाहेर कन्नड, आणि भांडताना दोन्ही; 'बरं'च्या जागी 'सरी' तर सगळ्यांच्याच तोंडी. अण्णांचं कोपऱ्यावर शिंप्याचं दुकान होतं. शर्ट-पँट शिवावी तर त्यांनीच, असं म्हणणारी माणसं जयनगरहून यायची. आदल्या वर्षी त्यांना अर्धांगवायूचा झटका आला. पाय सावरला, बोलणं जरा जड का होईना परत आलं, पण उजवा हात तसाच राहिला. बोटं मिटली तर सगळी एकदम मिटायची. एकटं एक बोट काही केल्या हलायचं नाही. दुकानाचं शटर खाली आलं ते खालीच राहिलं.

डॉक्टरांनी दाबायला एक रबरी चेंडू दिला होता. आई तो घेऊन त्यांच्यासमोर बसायची. "दाबा. आणखी दाबा. मनावर घ्या स्वल्प." अण्णा थोडा वेळ दाबायचे आणि मग तो चेंडू डाव्या हातानं कोपऱ्यात भिरकावून द्यायचे. दोघंही दिवसभर बोलायचे नाहीत.

गेले काही आठवडे मात्र भांडण बंद झालं होतं. जेवण झालं की अण्णा शहाण्यासारखे चपला घालायचे. "देवळात जाऊन बसतो," म्हणायचे. परत यायचे ते घामेजलेले, पण तोंडावर उजेड. आईला आधी बरं वाटलं. मग एक दिवस वाळवण काढायला ती गच्चीवर गेली, तर वरच्या खोलीच्या दाराशी अण्णांच्या चपला.

त्या खोलीत राहणारा तरुण पुण्याहून आलेला होता. कुठल्याशा कॉम्प्युटर कंपनीत कामाला. तिकडे अमेरिकेत सकाळ झाली की याचं ऑफिस सुरू, म्हणून दिवेलागणीला कंपनीची गाडी त्याला घेऊन जायची आणि सकाळी आणून सोडायची. आईचा त्याच्यावर पहिल्यापासून विश्वास नव्हता. दिवसा झोपणारा माणूस तिला पटतच नसे. त्यातून तो तिला काकू म्हणायचा. "आपल्यात काकू म्हणजे काकाची बायको. ह्याचा कुठला काका इथं?" असं ती मला विचारायची, जणू मीच त्याला शिकवलं होतं.

चपला पाहिल्यापासून ती कान लावून बसू लागली. दुपारी वरून आवाज यायचा. टक. टक टक. टक. मध्येच अण्णांचा ओरडा, मग दोघांचं हसणं.

"पत्ते," आई म्हणाली.

"पत्त्यांचा असा आवाज येतो का?"

"मग सोंगट्या. नाहीतर आणखी काही. पैसे लावून खेळतात, बघ तू."

तिच्या या भीतीला कारण होतं. तिच्या वडिलांनी पत्त्यांपायी राहतं घर घालवलं होतं, आणि ती लहानपणी मामाच्या ओसरीवर वाढली होती. नागपंचमीला घरोघरी डाव रंगतात, आमच्या घरात तेव्हासुद्धा पत्ते आले नाहीत. अण्णा घरी आले की ती आता त्यांच्या तोंडाचा वास घ्यायची, खिसे चाचपायची. त्यातच हे सेल मिळाले.

मला पत्ते वगैरे वाटत नव्हतं. माझा संशय वेगळा होता, आणि तो मी आईलाही सांगितला नाही. मला वाटायचं, हा मनुष्य अण्णांना गोड बोलून घर लिहून घेणार. आजारी माणूस, हळवा झालेला, दुकान गेलेलं. आमच्या ऑफिसात अशा गोष्टी रोज कानावर यायच्या. मी जिन्यात त्याला भेटले की हसायचे नाही. तो मात्र हसायचा, आणि त्याचं हसणं मला फार सराईत वाटायचं.

शनिवारी ऑफिस अर्धा दिवस असे. त्या शनिवारी मी घरी पोचले तर आई फाटकातच उभी.

"वर आहेत. आत्ताच गेले. जा, बघ."

"तू ये ना बरोबर."

"तू पुढं हो. मी आलेच."

मी चपला काढून जिना चढले. दार नुसतं ओढलेलं होतं. आतून अण्णांचा आवाज येत होता, इतका मोठा की आजारानंतर मी तसा ऐकलाच नव्हता.

"आला! लांबडा आला! आता बघ!"

"काका, घाई नको. फिरवा आधी. मधलं बोट, मधलं."

"सरी, सरी... अय्यो! गेला."

मी दार ढकललं.

अण्णा खिडकीशी खुर्चीत बसले होते. पुढ्यात स्टूल, स्टुलावर एक फळी. फळीवर तळहाताएवढं जांभळं यंत्र पट्टीनं बांधलेलं, त्याच्या पडद्यावर उजेडासाठी टॉर्चमधला एक बारका बल्ब वायरीवर वाकवून बसवलेला. यंत्राच्या पाठीतून रंगीत वायरी निघून फळीच्या दुसऱ्या टोकाला गेल्या होत्या, आणि तिथं चार बटणं होती. दारावरच्या बेलची असतात ना, अगदी तीच, पांढरी, गोल. अण्णांचा उजवा हात त्या बटणांवर होता. मला बघताच त्यांनी तो चटकन मांडीवर घेतला.

पुण्याचा तो उभा राहिला. "या ना. बसा."

"काय चाललंय हे?" मी विचारलं.

"गेम आहे. व्हिडिओ गेम."

तोवर आई माझ्या मागून आत आली होती. तिनं आधी खोलीभर नजर फिरवली, पलंगाखालीसुद्धा वाकून पाहिलं, आणि मग त्या फळीकडे बोट दाखवलं. "लावून खेळता?"

"नाही हो, काकू."

"मग जिंकलं की काय मिळतं?"

"काहीच नाही. वरून विटा पडतात, त्या नीट रचायच्या. ओळ भरली की ती नाहीशी होते."

"भरलेली ओळ नाहीशी होते?"

"हो."

"आणि मिळत काही नाही."

"नाही."

"काही मिळत नसेल तर कोण खेळेल?" आईनं मला विचारलं. तिला तो धडधडीत खोटं बोलतोय असं वाटत होतं, आणि खरं सांगायचं तर मलाही.

मग त्यानं सगळं सांगितलं. त्याच्याकडे कॉलेजपासूनचं एक जुनं खेळाचं यंत्र होतं, राखाडी, जाडजूड. ते कधीच बिघडलं होतं, पण त्याचे खेळ, म्हणजे खाचेत घालायच्या त्या चपट्या डब्या, त्यानं जपून ठेवल्या होत्या. सिंगापूरहून एका मित्रानं हे नवं, दोन पेन्सिल सेलवर चालणारं रंगीत यंत्र आणलं, आणि त्यात त्या जुन्या डब्याही चालतात हे त्याला कळलं. एका दुपारी तो खेळत बसला होता. आवाजानं झोपमोड होते अशी तक्रार करायला अण्णा वर आले, आणि तक्रार विसरून बघतच राहिले. मग त्यांनी खेळून पाहिलं. यंत्रावरची बटणं इतकी बारीक की त्यांच्या हाताला जमेनात. तेव्हा यानं यंत्र खोललं, आतल्या बटणांना वायरी डाख देऊन जोडल्या आणि बाजारातून बेलची बटणं आणून ती बाहेर बसवली.

"नव्या गेममध्ये फार धावपळ असते," तो म्हणाला. "हा जुना बरा. डावीकडे, उजवीकडे, फिरव, खाली. चार बोटं, चार बटणं."

"आम्हाला का नाही सांगितलं?" मी अण्णांना विचारलं.

त्यांनी आईकडे पाहिलं. "खेळ म्हटलं असतं तर तू वर येऊ दिलं असतंस?"

अण्णांनी मांडीवरचा हात उचलून परत फळीवर ठेवला. त्यांनी तर्जनी दाबली. टक. मग मधलं बोट. टक. अनामिका स्वल्प थांबली, थरथरली, आणि मग तीही दबली. बाकीची बोटं जागची हलली नाहीत.

मी आईकडे पाहिलं. ती त्या बोटांकडे बघत होती, एखाद्या दुकानदाराच्या तराजूकडे बघावं तशी.

"परत करा," ती म्हणाली.

त्यांनी परत केलं.

"हे तेलानं झालंय," आई म्हणाली. "मी रोज तेल चोळते त्यानं." मग जिन्याकडे वळता वळता म्हणाली, "खाली आणा ते. काय खेळायचं ते माझ्यासमोर खेळा."

त्या दिवसापासून फळी आमच्या माजघरात आली. आई भाजी निवडत शेजारी बसायची आणि पडद्यावर नजर ठेवायची, कुठून तरी खरा डाव उघडा पडेल या भरवशावर. खेळ तिला आठवड्यातच कळला. "उजवीकडे भोक राहिलंय," असं ती न बघितल्यासारखं करून सांगायची. अण्णा चिडायचे, पण वीट उजवीकडेच न्यायचे.

त्या माणसाबद्दलचा संशय मात्र दोघींचाही गेला नाही. मी एकदा त्याला जिन्यात गाठून सरळ विचारलं, "तुम्ही हे सगळं का केलंत?"

तो जरा गोंधळला. "दुपारी झोप लागत नाही. एकट्यानं खेळायचा कंटाळा येतो. आणि काका हरले की काय ओरडतात, मजा येते."

मी हे आईला सांगितलं. "एवढ्यासाठी कोणी चांगली वस्तू फोडतं का?" ती म्हणाली. मलाही ते पुरेसं वाटलं नव्हतं. बरेच दिवस मी वाट पाहत राहिले, तो काहीतरी मागेल म्हणून.

त्यानं काहीच मागितलं नाही. पुढं कंपनीनं त्याला अमेरिकेला पाठवलं, तेव्हा यंत्र आणि डब्या अण्णांपाशी ठेवून तो गेला. आईनं त्याला शिदोरी दिली, पण गाडी वळेपर्यंत फाटकात उभी राहून बघत होती. "परत मागायला येईल," ती म्हणाली. तो आला नाही.

अण्णांनी दुकान पुन्हा उघडलं नाही. तेवढा हात त्यांना आलाच नाही. पण शर्टाची बटणं ते स्वतः लावू लागले, आणि घास उजव्या हातानं घेऊ लागले. एकदा माझ्या जुन्या साडीच्या उशांच्या खोळी त्यांनी बेतल्या. एक बाजू चांगलीच वाकडी गेली. आईनं त्या तशाच शिवल्या.

दोनेक वर्षांनी यंत्राच्या वायरी एकेक करून तुटल्या. जयनगरच्या दुकानांत नेलं, तर ही कुठली वस्तू म्हणून कोणी हातही लावेना. त्याच सुमारास वरची खोली पुन्हा रिकामी झाली आणि एक नवराबायको बघायला आली. आईनं नेहमीप्रमाणे उलटतपासणी घेतली. पाणी किती वापरता, पाहुणे किती येतात, कामाच्या वेळा काय. सगळ्याची उत्तरं चोख मिळाली. शेवटी तिनं नवऱ्याला विचारलं, "तुम्ही ते व्हिडिओ गेम वगैरे खेळता का?"

"छे छे," तो घाईघाईनं म्हणाला. "तसलं काही नाही हो आमच्यात."

"सरी," आई म्हणाली, आणि ते गेल्यावर मला म्हणाली, "आणखी कोणी आहे का, बघ."