बाबांनी निंदून काढलेलं जंगल

मी निसर्गावरचे आणि इतिहासावरचे माहितीपट लिहिते, ही गोष्ट माझ्या वडिलांनी बरीच वर्षं कोणाला सांगितली नव्हती. गावात कोणी विचारलंच, तर "पोरगी अमरावतीले असते" एवढ्यावर ते विषय संपवत. (टीव्हीवर स्वतः दिसायचं नाही, दुसऱ्यांनी काय बोलायचं ते फक्त लिहायचं, याला काम म्हणतात हे त्यांना पटत नसे.)

त्यामुळे अकोल्याजवळच्या आमच्याच वावरात माहितीपट करायचं ठरलं, तेव्हा मला आभाळ ठेंगणं झालं. पूर्ण माझ्या नावावरचा तो पहिलाच. विषय होता धुरा, म्हणजे दोन वावरांमधला बांध. आमच्या धुऱ्यावर लाल-पिवळ्या फुलांची कळलावी होती, रानवेली होत्या, फुलपाखरांना तर तोटाच नव्हता. नाव मी दिलं होतं, 'धुऱ्यावरचं जंगल'. बाबांना फोन केला, "बाबा, मंगळवारी आपल्या धुऱ्याचं शूटिंग हाये, टीव्हीसाठी." आणि ठेवला. जगाला समजावून सांगणं हा माझा धंदा, पण "धुऱ्याले हात लावू नका" एवढं एक वाक्य काही मला सुचलं नाही!

मंगळवारी सकाळी पुण्याचे दिग्दर्शक कॅमेऱ्यासकट हजर. बाबा कडक इस्त्रीचा सदरा घालून धुऱ्यावर उभे. आणि धुरा? न्हाव्याकडून नुकताच उठून आल्यासारखा. एक काडी नाही.

"बाबा, इथचं सारं कुठी गेलं?"

"चार बाया लावल्या ना काल. दिवसभर निंदून राहिल्या होत्या." बाबांची छाती फुगली होती. "दुनियेसमोर आपल्या वावरात कचरा दिसला असता, तं काय इज्जत राह्यली असती?"

"मले तोच कचरा दाखवाचा होता."

"काहून? बापाशी काय दुश्मनी हाये तुही?"

दिग्दर्शकांनी माझ्या संहितेची आठ पानं माझ्याच हातात परत दिली. "मॅडम, जंगल नसेल तर आम्ही निघतो."

तेवढ्यात कॅमेरामननं लांब बोट दाखवलं. "ते काय आहे?"

तो शेजारच्या सुखदेवकाकांच्या वावराचा पलीकडचा धुरा होता. बाबांच्या मते सुखदेवकाका म्हणजे तालुक्यातले एक नंबरचे आळशी. त्या धुऱ्याला कित्येक वर्षांत विळा लागला नव्हता. कळलावी तिथं माणसाच्या डोक्यावर गेली होती.

दिवसभर शूटिंग तिथंच झालं. दिग्दर्शकांनी काकांची मुलाखतही घेतली.

"हे सगळं तुम्ही कसं जपलंत?"

"म्या? म्या तं काईच नाई केलं," काका अगदी खरं बोलले.

"केवढा हा विनय," दिग्दर्शक भारावून म्हणाले. बाबा आमचा चकाचक धुरा सोडून तिथवर आले होते आणि हे ऐकत होते.

पुढं निवेदन मलाच लिहावं लागलं. 'निसर्गावर कधीही हात न उगारता, या शेतकऱ्यानं मोठ्या संयमानं हे जंगल राखलं.' लिहिताना माझी मलाच लाज वाटली, पण माहितीपट वाचला.

तेव्हापासून बाबा माझ्या कामाबद्दल सगळ्यांना सांगतात. आल्यागेल्याला खुर्चीत बसवतात, ते वाक्य घडाघडा म्हणून दाखवतात (एक शब्द चुकत नाहीत) आणि शांतपणे म्हणतात, "हे सुखदेव्याबद्दल हाये. आता समजलं, माही पोरगी अमरावतीले काय करते तं?"