भोंगा सासरच्या दिशेला

आधी ते चहाचे कप खाली ठेवा. मागं हा किस्सा सांगताना आमची एक मैत्रीण हसता हसता भाजली आणि नाव माझं झालं. माझी अशी काही फजिती झाली की दोन गावांनी ती ऐकली, एकाच दुपारी, आणि ऐकवायची सोय मीच करून दिली होती!

माझं माहेर चुडाव्याचं आणि सासर ओढ्यापलीकडं, कोसभर अंतरावर. इतकं जवळ, की माहेरच्या आठवणीनं रडायचीसुद्धा चोरी. शेजारीण लगेच म्हणायची, अगं ते काय, दिसतंय की तुझं माहेर.

बाहत्तरच्या दुष्काळानंतरची ती पहिली पंचमी, आणि माझी लग्नानंतरची पहिली. साऱ्या लेकी माहेरी आलेल्या. आता आमच्याकडं पंचमी म्हणजे नुसता नागोबा आणि झोका नव्हे. पंचमी म्हणजे फेर! बायांनी हातात हात धरायचे, गोल फिरायचं आणि गाण्यातून सासरचा उद्धार करायचा. सासू, नणंद, नवरा, कुणालाही काय वाटेल ते म्हणा. फेरातलं फेरातच राहायचं. पुरुषानं तिथं थांबायचं नाही, आणि माहेरवाशिणीला त्या दिवशी कुणी रागवायचं नाही. हा आमचा कायदा, आणि तो कोर्टाच्या कायद्यापेक्षा कडक.

पण त्या वर्षी आमच्या आबांना, म्हणजे माझ्या थोरल्या चुलत्यांना, सुधारणा सुचली. ते भजनी मंडळाचे पुढारी. त्यांनी शहरातून लाउडस्पीकर आणला, पारावरच्या लिंबाला भोंगा टांगला आणि जाहीर केलं, की यंदा पंचमीला भजन. बायांचा फेर बंद. ती गाणी वाह्यात असतात, बाईच्या जातीला शोभत नाहीत.

माझं डोकंच फिरलं. दुष्काळात याच बाया उन्हातान्हात रस्त्यावर खडी फोडत होत्या, तेव्हा कुणाला आठवलं होतं का शोभतं की नाही ते? घणाला हात चालतो आणि गाण्याला तोंड चालत नाही? आई म्हणाली, जाऊ दे, घरात म्हणा गाणी, दार लावून. दार लावून फेर कुठं होतो का हो?

मी गल्लीतल्या सगळ्या लेकीबाळी गोळा केल्या आणि थेट पारावर गेले. भजनी मंडळ नुकतं टाळ काढत होतं. मी माईक उचलला.

"आबा, भजन उद्या म्हणा. आज पंचमी आमची हाय."

आबा लालबुंद झाले. पण करतात काय? माहेरवाशिणीला पंचमीच्या दिवशी बोलायची सोय नाही, आणि इथं तर अख्खी फौज उभी. शेवटी त्यांनी लाउडस्पीकरवाल्यावर राग काढला. निदान भोंग्याचं तोंड तरी माझ्या घराकडून फिरव म्हणाले, गावाकडं पाठ कर त्याची, जाऊ दे हा वाह्यातपणा रानात. त्यानं झाडावर चढून भोंगा शिवाराकडं फिरवला. आम्ही जिंकलो!

आता शिवारापलीकडं काय होतं? ओढा. आणि ओढ्यापलीकडं? ते माझ्या टाळक्यात आलं असतं तर तुम्हाला हा किस्सा ऐकायला मिळाला असता का?

फेर धरला. मी मधोमध, तोंडाशी माईक, अंगात वारं भरलेलं. पहिलीच ओळ आत्याबाईंवर. आत्याबाई म्हणजे माझ्या सासूबाई.

*सासूबाईच्या साखरेला गं कुलपाचा पहारा,*
*सूनबाईच्या चहाला गं गुळाचाच सहारा!*

बाया खिदळल्या. मला आणखी चेव आला. आत्याबाईंना गिरणीचं पीठ चालत नसे, जात्यावरचंच लागे. मग काय, मी गळा काढला:

*पहाटंच्या पारी बाई दळू किती गं दळण,*
*हातावर फोड माझ्या, बोटं विसरली वळण!*

हे ऐकून म्हाताऱ्या बायांनी डोळ्यांना पदर लावले. माझी आई तर खरोखर रडली. मीही थोडी रडले. रंगच तसा चढला होता.

तासाभरानं ओढ्याच्या बाजूनं बैलगाडी येताना दिसली. हाकायला आमचे हे, आणि मागं आत्याबाई, पाठ ताठ करून बसलेल्या. तेव्हा कुठं मी मान वर करून भोंग्याकडं बघितलं. त्याचं तोंड बरोबर माझ्या सासरच्या दारात!

फेर जागच्या जागी थांबला. आईनं माझा दंड धरला आणि पाय धर म्हणाली, चुकले म्हण, नाहीतर नांदवायची नाही तुला. भीती मलाही होतीच. खोटं कशाला सांगू, सासरहून कायमची परत आलेली एक मुलगी आमच्याच गल्लीत होती, आणि तिचे हाल मी डोळ्यांनी बघत होते. पण मागं या साऱ्याजणी उभ्या. मी चुकले म्हटलं की पुढच्या पंचमीला फेर कायमचा गेला. मी म्हटलं, न्हाई धरत पाय. फेरातलं फेरात.

गाडी बघून पारावर परत आलेल्या आबांना मात्र आनंद मावेना. त्यांनी स्वतः पुढं होऊन माईक आत्याबाईंच्या हातात दिला.

"विहीणबाई, तुमीच सांगा आता चार शब्द. आमचं कोण ऐकायलंय?"

आत्याबाईंनी माईक उलटासुलटा करून बघितला. मग आबांना म्हणाल्या, "इवाई, भोंगा गावाकडं फिरवा. सुनंनं आमच्या गावाला ऐकवलं, मी तुमच्या गावाला ऐकवते."

भोंगा फिरला. आत्याबाईंनी पदर खोचला, फेरात शिरल्या, माझाच हात धरला आणि काय आवाज लावला म्हणता! भजनी मंडळाचे टाळ लाजले असते.

*जातं फिरं घरघर, ओवी कानी का येईना?*
*लेक माझा दळं दळण, सून गोधडी सोडीना!*

मेले! अहो, खरंच होतं ते. लग्नानंतर आठवडाभर मी दळलं आणि मग झोपेपुढं हात टेकले. हे म्हणाले, तू नीज, मी ओढतो, दार लावलेलं असतं, कुणाला कळतंय? दोघांनाही वाटलं, जात्याचा आवाज आला की झालं. पण बाई दळायला बसली आणि ओवी नाही, असं कुठं असतं का? आमचे हे जातं ओढतील हो, पण ओवी कुठून म्हणणार?

साऱ्या बाया पोट धरून खाली बसल्या. माझ्या फोडांवर रडलेली आई माझे तळहात उलगडून बघायला लागली. आमचे हे बैलाचं जू घट्ट करण्यात असे गुंतले की त्यांना कुणी दिसेचना. आबा पुरते गार पडले. विहीणच फेरात नाचायला लागल्यावर फेर वाह्यात कसा म्हणणार? त्यानंतर आमच्या गावात पंचमीचा फेर बंद करायचं नाव कुणी काढलं नाही. तेवढं श्रेय मला द्याच.

संध्याकाळी निघताना आत्याबाईंनी मला गाडीत शेजारी बसवलं. मी गाल फुगवून बसले होते. शेवटी राहवेना. म्हटलं, "आत्याबाई, तुमाला पहिल्यापासून ठाव होतं, तर इतके दिवस बोलला का न्हाई?"

आत्याबाईंनी पुढं गाडी हाकणाऱ्या लेकाकडं बघितलं आणि आवाज बारीक केला.

"बोलले असते तर तू दळायला बसली असतीस. तुझ्यापरीस लय बारीक दळतो गं तो."