गोजराआत्याचा निळा चुना

घरात पाहुणा आला म्हणून तुमची भिंत कधी मागे सरकलीय का? हसू नका. आमच्या बोनकोड्यात सरकते. मी सभेत ओरडणारा माणूस आहे, पण खोटं ओरडत नाही. शाळा माझी चौथीत सुटली, पुढचं सगळं मोर्च्यात आणि कोर्टाच्या पायऱ्यांवर शिकलो. कायद्यातली कलमं मला विचारा, धडाधड सांगतो. या चुन्याचं मात्र मला काही म्हणजे काही कळलेलं नाही. फक्त दिसलंय.

हा चुना करायची गोजरा म्हात्रे, माझ्या बापाची चुलतबहीण. ओहोटीला खाडीच्या चिखलात टोपलीभर पांढऱ्या शिंपल्या गोळा केल्या की एखादी निळी निघायची, नखाएवढी. आत्या ती वेगळी काढायची, भाताच्या तुसावर भाजायची, पाणी घालून विरवायची. साधा चुना पाणी पडलं की फसफसतो. हा गप्प बसायचा. मडक्यात वाकून बघितलं तर तळ दिसायचा नाही, नुसतं लांबवर गेलेलं निळं. लहानपणी मी आत हात घातला होता. कोपर गेलं, दंड गेला, खांदा टेकला तरी तळ नाही. मडकं वीतभर उंच. आत्यानं कान धरून ओढलं.

"आत पडलास तं हुडकाया कोन जाईल? तुजा बाप?"

हा चुना आतून भिंतींना लावला की घर माणसं ओळखायचं. सून आली, पोर झालं की भिंती मागे सरायच्या. बाहेरून घर तेवढंच, गल्ली तेवढीच, शेजाऱ्याची इंचभर जागा जायची नाही. सत्तरनंतर नव्या शहरासाठी आमच्या जमिनी सरकारात गेल्या, गावाभोवती रेषा मारली गेली, रेषेबाहेर खोली काढाल तर पाडू म्हणाले. मोजणीवाले यायचे, बाहेरून टेप लावायचे, ठीक म्हणायचे. मग पाणी प्यायला आत पाय टाकायचे आणि उंबऱ्यातच थिजायचे. एकानं तर देवळात काढतात तशा चपला काढल्या आणि पाणी न पिताच गेला. पुन्हा कधी आला नाही.

नियम एकच. लावणारा हात परक्या घरचा हवा, आणि त्या घरात हा चुना आधी लागलेला नसावा. ज्या घरानं चुना घेतला, त्या घरातल्या सगळ्यांचे हात संपले. म्हणून आमच्यात रीत पडली. तू माझ्याकडे लाव, तुझ्याकडे पुढचा लावील, त्याच्याकडे त्याच्या पुढचा. गावभर साखळी फिरली, मग सोयऱ्याधायऱ्यांच्या गावांत गेली. आत्या मागेल त्याला चुना देत गेली, आपलं घर शेवटी म्हणाली. साखळीतल्या शेवटच्या घराला हात कुणाचा लागणार, हे एकाही शहाण्याच्या डोक्यात आलं नाही. माझ्याही नाही.

मधल्या काळात खाजणावर, खाडीकाठच्या त्या चिखलावर, भराव पडला, वर इमारती उभ्या राहिल्या, निळी शिंपली खाली गाडली गेली. आत्यापाशी शेवटचं मडकं उरलं.

गेल्या वर्षी, शहाऐंशीत, तिच्या नामदेवच्या बायकोला, जयमालाला, दिवस गेले. घर एका खोलीचं. नामदेव ओट्यावर झोपायचा. एक दिवस माझ्यासमोरच म्हणाला, "आये, पोर झाला का मी तुर्भ्याला खोली घेतो. तू र्‍हा हिकडं."

आत्या मडक्यावरचं फडकं नीट करत बसली. मी मात्र पेटलो. घरोघर गेलो, ज्यांच्या भिंती तिनं वाढवल्या त्यांना ओट्यावर बोलावून विचारलं, कुणाचा हात शिल्लक आहे? जो तो आपल्या तळव्याकडे बघत राहिला.

"गोट्या," आत्या शेवटी मला म्हणाली, "त्या बिल्डिंगीतल्या बायांचे हात कोरे हायेत."

"त्यांच्या दारात मी जाऊ? आपली शिंपली ज्यांच्या खाली गाडलीय त्यांच्या?"

"मंग नको जाऊ. नामा जाईल तुर्भ्याला."

गेलो. पहिल्याच दारात वैजयंतीबाई भेटल्या, साताऱ्याकडच्या, बँकेत नोकरीला. साखळी लावूनच दार उघडलं.

"वर्गणी दिलीय गेल्या आठवड्यात."

"वर्गणी नको. हात पायजे."

"रक्तदान आहे का?"

मी रागारागानं सगळं सांगितलं. बाई हसल्या नाहीत. रविवारी आल्या, बांगड्या काढून ठेवल्या, पदर खोचला. "आमच्या गावी शेणानं सारवतात, तसंच ना हे?"

"तसाच," आत्या म्हणाली. "फक्त भितीला टेकू नको बाय, सरकंल."

पहिली भिंत झाली, दुसरी झाली, तिसरी झाली. जयमाला मधोमध पोटावर हात ठेवून उभी होती. आणि समोरच्या भिंतीवरचं कॅलेंडर बारीक व्हायला लागलं. आधी तारखा वाचता येईनात, मग देवाचा चेहरा दिसेना. आवाज काहीच नाही. वैजयंतीबाईंचा तळवा अजून भिंतीवरच होता, आणि त्या भिंतीमागोमाग पावलं टाकत चालल्या होत्या, झोपेत चालावं तशा. चुलीचा धूर वर जात राहिला, त्याला छप्पर सापडायला वेळ लागला. नामदेव बाहेर पळाला, घराला फेरी मारून आला. "भायेरून तेवढाच हाय," एवढंच म्हणाला आणि खाली बसला. तुर्भ्याचं नाव त्यानं पुन्हा घेतलं नाही.

पण चुना तिथंच संपला. चौथी भिंत जागची हलली नाही. तीन मागे गेल्या, ती आखूड पडली, आणि दोन्ही टोकांना फटी राहिल्या. त्या फटींतून गल्ली दिसत नाही, आभाळही दिसत नाही. मडक्यात दिसायचं तेच निळं दिसतं, आणि त्यातून गार वारा येतो. आत्यानं गोधड्या टांगल्यात. मुलगी झालीय, आता रांगायला लागलीय, आणि सारखी त्या गोधड्यांकडेच जाते. जयमाला तिची कंबर पदरानं खाटेला बांधून भाकऱ्या करते.

तुमची इमारत आमच्या खाजणावर उभी आहे. सोसायटीच्या बागेत झाड लावताना खड्डा खणाल, तेव्हा माती जरा चाळून बघा. नखाएवढी निळी शिंपली दिसली तर फेकू नका, बोनकोड्यात गोजरा म्हात्रेच्या दारात आणून द्या. आणि आलात की लगेच परत फिरू नका. बाह्या सारून जरा थांबा, तुमचा हात लागेल.