मागच्या डाव्या चाकाचा पाचवा बोल्ट

चाकाच्या बोल्टला मान असते आणि ती गोल किंवा निमुळती असते, हे मला वयाच्या चोपन्नाव्या वर्षी कळलं. तेसुद्धा वीस चुकीचे बोल्ट घरी आणल्यावर.

आमची गाडी सेकंडहँड, परदेशी बनावटीची. आपल्याकडच्या बहुतेक गाड्यांच्या चाकांवर नट असतात. हिला थेट बोल्ट, दर चाकाला पाच. पनवेलच्या चार पावसाळ्यांत ते गंजले होते, डोकी झिजून पाना घसरायला लागला होता. म्हणून मी दोन संध्याकाळी मोबाइलवर अभ्यास केला, जुन्या पनवेलमधल्या स्पेअरपार्टच्या दुकानात गेलो आणि इंजिनिअरच्या थाटात म्हणालो, "चौदा एमएमचे वीस द्या."

"गोल की निमुळते?" दुकानदाराने विचारलं.

मला वाटलं, दिसायला कसे हवेत ते विचारतोय. म्हटलं, "निमुळते बरे दिसतील."

घरी येऊन एक लावून बघितला, तर तो चाकाच्या गोल खड्ड्यात दुसऱ्याच्या मापाची चप्पल घातल्यासारखा डुलत होता. परत गेलो. दुकानदाराने चकार शब्द न काढता बदलून दिले. मिशा तेवढ्या हसत होत्या.

हे आधीच सांगून टाकलं, कारण पुढचं वाचून तुम्ही म्हणाल, हा माणूस धांदरट आहे, यानेच काहीतरी घोळ घातला असणार. मंडळी, मीही कित्येक महिने तेच म्हणतोय! भुताखेतांशी माझं कधी जमलंच नाही. आमच्या सोसायटीची लिफ्ट आपोआप चौथ्या मजल्यावर थांबते म्हणून भटजी बोलावून शांत करायची बोलणी सुरू होती, तेव्हा भर मीटिंगमध्ये "आधी सेन्सर पुसून बघा" म्हणून शिव्या खाल्लेला एकटा सभासद मीच. (सेन्सर पुसल्यावर लिफ्ट नीट झाली. आभार कोणी मानले नाहीत.)

तर… खंडेनवमीचा दिवस. सकाळी नऊच्या सुमारास नवीन पनवेलमधल्या आमच्या बिल्डिंगच्या पार्किंगमध्ये मी बोल्ट बदलायला बसलो. एक चाक सोडवायचं, शॅम्पूने धुवायचं, पुसायचं, नवे बोल्ट लावून ते समोरासमोरच्या क्रमाने घट्ट करायचे. तीन चाकं झाली. जुने बोल्ट तिथल्या तिथे भंगारवाल्याच्या हातगाडीवर गेले. चौथं राहिलं होतं, मागचं डावं. तेही काढून धुतलं, त्याचे जुने पाचही हातगाडीवर टाकले. चार बोल्ट बोटांनी फिरवून आत घातले, पाचवा हातात घेतला, तेवढ्यात मंगल, म्हणजे आमची सौभाग्यवती, ताम्हन घेऊन खाली आली.

"अहो, पाना द्या. पूजा मांडलीय वर."

"दहा मिनिटं थांब गं, एवढं चाक…"

"साडेदहापर्यंतच चांगली वेळ आहे. सुरी, कात्री, शिवणाचं मशीन, सगळं पाटावर आहे. पाना तेवढा नाही. आणि तो हातातला पण द्या, नवी वस्तू आहे."

दिला. नवरा म्हणून अठ्ठावीस वर्षं टिकायचं तर काही गोष्टी द्याव्या लागतात. जॅक उतरवला. चाकाचा पुढचा भाग झाकणारी प्लास्टिकची मोठी व्हीलकॅप लावून टाकली, कारण गाडीलाही हार घालायचा होता आणि फोटोत ती नीट दिसायला हवी होती. पूजा झाली. मग मी पाना उचलायला गेलो, तर मंगलने हात धरला.

"पूजेचं हत्यार आज उचलायचं नसतं. एवढंही माहीत नाही? उद्या करा."

उद्या दसरा. आपट्याची पानं, श्रीखंड, येणारे-जाणारे… आणि तुमच्या लक्षात आलंच असेल. विसरलो. समूळ विसरलो. वर मंगलने पाट आवरताना पाना माझ्या पेटीत ठेवून दिला, त्यामुळे आठवण व्हायला डोळ्यांसमोर काही उरलंच नाही.

एकादशीला सकाळी मी उरणला निघालो. आमची मुलगी रेवती तिथे दिलेली. सातवा महिना लागलेला. तिला पहिल्या बाळंतपणासाठी माहेरी आणायचं होतं. पनवेल ते उरण तीसेक किलोमीटर, वाटेत कंटेनरच्या ट्रेलरांची रीघ. छान गेलो. गाडी लोण्यासारखी चालली. नव्या बोल्टांचा गुण, असं मनात म्हणून मी स्वतःची पाठसुद्धा थोपटली.

साडेअकराला परत निघालो. रेवती मागे डाव्या बाजूला बसली, पाय लांब करून. मांडीवर विहीणबाईंनी दिलेल्या लाडवांचा डबा. जासई जवळ आलं. उजवीकडून एकामागून एक ट्रेलर चाललेले आणि ही मागे मोबाइल बघत खुदूखुदू हसतेय.

"काय झालं गं?"

"आईने ग्रुपवर टाकलेला पूजेचा फोटो आत्ता नीट बघतेय. बाबा, बोल्टला कुंकू! आणि अक्षता! त्याला नैवेद्य काय दाखवला, ऑइल?"

मीही हसलो. अर्धं हसू झालं आणि उरलेलं घशातच राहिलं.

बोल्ट. पाटावर. मग चाकात…

पाय ॲक्सिलरेटरवरून काढला. ब्रेक जोरात दाबायची हिंमत होईना. धक्का बसला आणि चाक तिथेच सुटलं तर? पोरगी नेमकी त्याच चाकावर बसलेली. पोरगी आणि पोटातलं. मागचा ट्रेलर हॉर्न देतोय आणि मी वीसच्या स्पीडने कडेकडेने सरकतोय, जणू काचेचं सामान घेऊन चाललोय.

"बाबा, काय झालं? एवढे हळू का?"

"हवा कमी वाटतेय. बघून घेतो."

रस्त्याच्या कडेला ट्रेलरच्या टायरांचं एक दुकान होतं. तिथे गाडी टेकवली. रेवतीला म्हटलं, "तू इथे सावलीत खुर्चीवर बस, लाडू खा." ती बसली. दुकानाचा मालक पन्नाशीचा, गावातलाच, बनियनवर. त्याला बाजूला घेतलं आणि सगळं सांगितलं. पोरीला कळू देऊ नका, असं हात जोडून सांगितलं.

त्याने माझ्याकडे असं बघितलं, की दुकानदाराच्या मिशा परवडल्या.

"शेट, तुमी उरनला जाऊन आलात? बोटानं लावलेल्या चार बोल्टांवर? पोरगी पोटुशी हाय ना तुमची?"

"हो."

"मंग काय बोलू मी तुमाला!"

मी मंगलला फोन लावला. "देवघरात बघ. तो बोल्ट आहे का?"

"आहे की. देवापुढेच ठेवलाय, कुंकू लावलेला. का हो? निघालात ना? वरण-भाताचा कुकर लावू?"

"लाव," म्हटलं आणि ठेवला. म्हणजे पाचवं भोक रिकामं होतं. आता शंकाच नव्हती.

मालकाने जॅक लावला, स्क्रूड्रायव्हर घालून व्हीलकॅप उपटली. आणि दोघेही उकिडवे तसेच बसून राहिलो.

पाच बोल्ट होते.

मी मोजले. त्याने मोजले. मी बोट लावून पुन्हा मोजले. चार माझे, नवे, चकचकीत. त्याने एकाला दोन बोटं लावली, गर्रकन फिरला. दुसरा तर जवळजवळ हातातच आला. "हे तं सगलं सुटलंय शेट," तो पुटपुटला. आणि पाचवा… पाचवा काळा होता. जुनाट. गंजाने त्याचं डोकं खडबडीत झालेलं आणि त्या गंजाचा तांबूस ओघळ चाकाच्या पत्र्यावरून खाली उतरलेला, नळाखाली वर्षानुवर्षं पडतो तसा. जे चाक मी दोन दिवसांपूर्वी स्वतःच्या हातांनी शॅम्पूने घासून, जुन्या बनियनने कोरडं केलं होतं, त्यावर.

"हा कोनी लावला?"

"मला माहीत नाही."

"तुमच्या जुन्यातला ऱ्हायला असंल एकादा."

मी डिकीतल्या पेटीतला माझा पाना घातला. जुन्या बोल्टांनाही तोच लागायचा, सतराचा. याच्या डोक्यावर तो चढेचना. मालकाने एकोणीसचा आणला, तो सैल. "अठराचा लागनार. अठरा कोन ठेवतंय?" असं म्हणत त्याने मोठा पाईप-पाना आणला, त्याला हातभर नळी जोडली आणि अक्षरशः नळीवर उभा राहिला. ट्रेलरची चाकं रोज खोलणारा माणूस तो. नळी वाकली. बोल्ट केसभरही हलला नाही.

तो खाली उतरला. कपाळ पुसलं. गंजावर अंगठा घासून बघितला.

"शेट, हा दोन-तीन वर्सं तरी कोनी खोलला नाय. मी सांगतो ना."

"परवा चाक बाहेर होतं. मी काढलं होतं."

"मंग तुमीच सांगा."

मागून रेवतीचा आवाज आला, "बाबा, हवा भरताय की टायर बनवताय? मला घरी जाऊन झोपायचंय!"

मालक दचकला. त्याने तिच्याकडे बघितलं, मग चाकाकडे. माझे चारही बोल्ट एकेक करून समोरासमोर घट्ट केले, प्रत्येकावर दोनदा पाना फिरवला. पाचव्याला हात लावला नाही. व्हीलकॅप चढवण्याआधी मात्र त्याने त्या काळ्या डोक्याला हात लावून तो कपाळाला लावला.

"एका बोल्टवर चाक ऱ्हात नाय, शेट," तो हळू आवाजात म्हणाला. "पन ऱ्हायलं. जावा तुमी, सावकाश जावा."

घरी आलो. रेवती जेवून झोपल्यावर मंगलला खाली पार्किंगमध्ये नेलं आणि सगळं सांगितलं. एरवी दूध उतू गेलं तरी पंधरा मिनिटांचं व्याख्यान देणारी बाई. पण ती एक शब्द बोलली नाही. उकिडवी बसली, त्या बोल्टवर तळहात ठेवला आणि तसाच ठेवून राहिली. तिचं ते न बोलणं मला जासईच्या रस्त्यापेक्षा जास्त घाबरवून गेलं.

पुढे मी माझ्या परीने सगळं करून बघितलं. सोसायटीच्या कॅमेऱ्याचं तीन दिवसांचं रेकॉर्डिंग बघितलं. गाडी समोरच दिसते. तिच्याजवळ आलेले जीव म्हणजे मी, मंगल, हार खायला आलेली एक बकरी आणि टपावर झोपणारं मांजर. भंगारवाल्याला गाठून विचारलं, तर तो म्हणाला, "साहेब, माझ्याकडे लोक लोखंड देतात, लावून घेत नाहीत." पनवेलच्या एका गॅरेजमध्ये एअरगन लावून बघितली, अठराचा सॉकेट खास मागवला होता, तो तडकला. मेकॅनिक म्हणाला, ड्रिलने कोरून काढावा लागेल. मी म्हटलं, राहू दे. तर्कशुद्ध माणूस असून का म्हणालो, विचारू नका. मेंदू म्हणत होता काढ, आणि हात गाडीची चावी परत मागत होता.

तो अजून तिथेच आहे. मी रोज त्याच गाडीने ऑफिसला जातो. दर रविवारी पाना घेऊन वीसच्या वीस बोल्ट तपासतो… म्हणजे एकोणीस. विसाव्याला फक्त बघतो. गंज तेवढाच आहे, ओघळ तेवढाच. धुतला तरी जात नाही.

खुलासा माझ्याकडे नाही. मीच धांदलीत कुठला तरी बोल्ट लावला म्हणावं, तर असा बोल्ट माझ्याकडे कधी नव्हताच आणि दुकानातही मिळत नाही. तो दुकानदार आता मिशांतसुद्धा हसत नाही. दुसऱ्याने लावला म्हणावं, तर कधी? आणि तीन वर्षांचा गंज दोन दिवसांत कुठून आणला? तुमच्यात कोणी मेकॅनिकल इंजिनिअर असेल तर जरूर लिहा. मला खोटं पाडलंत तर मी पेढे वाटीन.

रेवतीला मुलगी झाली. आता चार महिन्यांची आहे, अंगठा चोखते आणि माझ्याकडे बघून हसते. तिच्या आईला यातलं काहीच माहीत नाही. हे छापून आलं तर पहिल्यांदा कळेल.

मंगलने मात्र इतके महिने तो विषय काढला नव्हता. मी वाट बघत होतो, कधी एकदा कडाडून भांडते आणि मोकळा होतो. परवा दुपारी ती नातीला मांडीवर घेऊन तेल लावत होती. मी धीर करून विचारलंच, "मंगल, तुला काय वाटतं? कोणी लावला असेल?"

तिने वर बघितलं नाही. बाळाच्या पावलाला तेल लावत राहिली. दुसऱ्या पावलाकडे वळत म्हणाली,

"कोणी का असेना. त्याला ते आपल्या दोघांमुळे करावं लागलं… याचीच मला लाज वाटते."